आईच्या खोलीतली हवा

आमच्या घरात तीन कोटेशनं आल्याशिवाय कधीच काही विकत घेतलं गेलं नाही. मिक्सर नाही, पडदे नाहीत, माझी शाळेतली सायकलसुद्धा नाही. अण्णा, म्हणजे माझे वडील, सरकारी कारखान्यात इन्स्पेक्शन खात्यात होते आणि तिथली शिस्त ते रोज संध्याकाळी रिकाम्या डब्याबरोबर घरी घेऊन यायचे. जेवणं आटोपली की खरेदी समिती बसायची. अण्णा टेक्निकल, आई फायनान्स आणि मी युजर डिपार्टमेंट. अण्णा तिन्ही वस्तूंचे गुणदोष वाचून दाखवायचे, आई मधूनमधून त्यांची टर उडवायची आणि शेवटी ओटा आवरायचा राहिलाय हे आठवून म्हणायची, "सरी." कन्नडमधलं 'ठीक आहे'. आईच्या तोंडून 'सरी' आलं की मीटिंग संपली असं समजायचं. माझी सायकल आली तोवर गल्लीतल्या मुली सायकलला कंटाळल्या होत्या.

आई बोलायची. एवढंसं वाक्य आहे, पण मल्लेश्वरमच्या आमच्या घरात त्याचा अर्थ फार मोठा होता. अण्णा सांगलीहून नोकरीसाठी या कन्नड शहरात आले, दिवसभर कन्नड आणि इंग्रजी बोलून दमायचे आणि घरी आले की गप्प बसायचे. माझी शाळा इंग्रजी, गल्ली कन्नड, पुढे ऑफिस अर्धं इंग्रजी आणि अर्धं हिंदी. घरात मराठी म्हणून जे काही होतं ते आईच्या तोंडात होतं. ती कुकरशी बोलायची, कुंड्यांशी बोलायची, बेळगावच्या मावशीशी दुपारभर फोनवर बोलायची आणि भाजीवाल्याशी मराठी हेल काढून कन्नडमध्ये भांडायची, "येनप्पा, स्वल्प कम्मी माडी." तो दर कमी करायचा, बहुधा तिनं थांबावं म्हणून. कॉलेजात असताना माझे कान किटायचे. मी खोलीचं दार लावून बसायचे आणि ती दाराशी बोलायची.

मग तिला घशाचा कॅन्सर झाला. जिनं आयुष्यात सुपारीचं खांड तोंडात टाकलं नाही तिला. डॉक्टर म्हणाल्या, ऑपरेशनची गरज नाही, रेडिएशननं जाईल. आणि गेला. गाठ गेली, तिच्याबरोबर आईची लाळ गेली.

लाळ ही वस्तू कुणाच्या खिजगणतीत नसते. ती गेल्यावर कळतं की भाकरी गिळते ती लाळेनं, आणि शब्द निघतो तोही लाळेनं. आई घास चावत राहायची आणि तो भुशासारखा तोंडात फिरत राहायचा. सकाळी उठली की जीभ टाळूला चिकटलेली असायची. आधी पाण्याचा घोट, मग आणखी एक, मग कुठे ओठ सुटायचे. बोलायला लागली की दोन-तीन वाक्यं बरी जायची, मग आवाजाला खरखर यायची, मग खोकला, मग ती हात वर करून "थांब" अशी खूण करायची आणि बाटली तोंडाला लावायची. एवढ्या खटाटोपातूनही ती बोलायची. पाणी पिऊन झालं की वाक्य जिथे सोडलं होतं तिथूनच उचलायची. मावशीला फोनवर त्या मधल्या शांततेची सवय झाली होती. ती तेवढ्यात दूध तापवून यायची.

थंडी सुरू झाली तेव्हा आम्ही तिघं तपासणीला गेलो. डॉक्टर बाई सरळ बोलणाऱ्या होत्या. त्या म्हणाल्या, लाळेच्या ग्रंथी आता परत कामाला लागतील असं वाटत नाही. घशाच्या आतला भाग रेडिएशनमुळे कडक होत चाललाय, तो तसाच होत जाणार. आवाज हळूहळू कमी होईल. व्यायाम करा, घोट घोट पाणी घेत राहा. आणि इथली हवा आता कोरडी होईल, खोलीत थोडा ओलावा ठेवलात तर त्यांना जरा बरं वाटेल.

एवढ्या सगळ्यातून अण्णांनी शेवटचं वाक्य उचललं. मी त्यांना दोष देत नाही. बाकीच्या वाक्यांमध्ये करण्यासारखं काही नव्हतं. या एका वाक्यात विकत घेण्यासारखं, तपासण्यासारखं काहीतरी होतं. घरी येताना गाडीत ते म्हणाले, "पुट्टी, ह्युमिडिफायर बघायला हवा. चांगला. हवा नीट झाली की घसा धरणार नाही, घसा धरला नाही की आवाज टिकेल." माझी चाळिशी उलटली तरी त्यांच्या लेखी मी अजून पुट्टी, म्हणजे कन्नडमधली छोटी पोर. मागच्या सीटवर आई खिडकीबाहेर बघत होती. तिनं डॉक्टरांची सगळी वाक्यं ऐकली होती हे मला आरशात तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

समिती बसली, तेव्हा आईनं फायनान्सच्या अटी घातल्या. त्या सांगायला तिला बराच वेळ लागला, कारण प्रत्येक अटीमागे एक घोट होता. पाण्याची नासाडी करणारं मशीन नको. मीटर पळवणारं नको. आणि दर महिन्याला आतली प्लॅस्टिकची भानगड काढून कचऱ्यात टाकायची, तसलं तर मुळीच नको. पर्यावरण हा शब्द आईनं कधी वापरला नाही. ती तांदूळ धुतलेलं पाणी कढीपत्त्याला घालायची, भाज्या धुतलेल्या पाण्यानं मोरी धुवायची, दुधाच्या पिशव्या धुऊन दोरीवर. त्या वर्षी गल्लीतल्या बोअर आटायला लागल्या होत्या आणि टँकर आला की लोक बादल्या घेऊन धावत होते.

"त्या लोकांसमोर," ती म्हणाली, पाणी प्यायली, "माझ्या तोंडासाठी हवेत पाणी उडवायचं?"

मला राग आला. मी म्हटलं, "आई, तुझ्या तोंडापेक्षा तुझ्या कुंड्या मोठ्या नाहीत."

"कुंड्या बिचाऱ्या गप्प असतात," ती म्हणाली. "मी बोलते म्हणून मला जास्त पाणी?"

आणि हसली. हसल्यावर खोकला आला. अण्णांनी सगळ्या अटी मान्य करून टाकल्या, त्यांचा चेहरा उजळला होता. अटी जितक्या जास्त तितकं काम मोठं.

पहिलं मशीन आलं ते अल्ट्रासॉनिक. दिसायला फुलदाणीसारखं गोंडस, वरून पांढरा गार धूर. आईला ते आवडलं. अण्णांनी त्यात नळाचं पाणी भरलं, कारण रोजच्या वापरात नळाचंच पाणी असणार ना. सकाळी आईच्या शिसवी कपाटावर पांढरी पूड पसरलेली. आमच्या भागातलं पाणी जड, त्यातला सगळा क्षार मशीननं हवेत उडवला होता. आईनं कपाटावर बोट फिरवलं आणि अण्णांच्या नाकासमोर धरलं. तिच्या घशातही रात्रभर तेच गेलं होतं, दुपारपर्यंत ती खोकत होती. कंपनीचा माणूस फोनवर म्हणाला, फिल्टरचं पाणी वापरा. आता फिल्टर एक तांब्या पाणी देतो आणि त्याहून जास्त मोरीत सोडतो. आईनं नुसती मान हलवली, पहिलं बाद.

त्याच दिवशी अण्णांनी तो निर्णय घेतला. हे मशीन तपासायचं तर नीट तपासायला हवं, असं अंदाजपंचे नाही. त्यांनी हायग्रोमीटर आणला, हवेतला ओलावा दाखवणारं घड्याळासारखं यंत्र, आणि तो बेडरूमच्या भिंतीवर टांगला. खिडक्यांच्या फटींना कापडाच्या पट्ट्या लावल्या. दाराखाली जुनी चादर खोचली. आणि आईला हॉलमधल्या दिवाणावर हलवलं.

मी शुक्रवारी एचएसआरहून, शहराच्या दुसऱ्या टोकाच्या माझ्या घरून आले तेव्हा आई दिवाणावर बसली होती, डोक्यावर पंखा, समोर रस्त्याकडचं दार, येणाऱ्या-जाणाऱ्या रिक्षांची धूळ. बेडरूमचं दार बंद.

"अण्णा, आजारी माणूस बाहेर आणि मशीन आत?"

"अगं, स्वल्प दिवस," अण्णा म्हणाले. "टेस्ट चालू असताना चेंबरमध्ये माणूस चालत नाही. माणूस श्वास सोडतो, घामेजतो, दार उघडतो. रीडिंग बिघडतं. एकदा आकडे हातात आले की मग काय, आयुष्यभर निवांत."

हे ते गमतीत बोलत नव्हते. त्यांनी सगळी नोकरी अशीच केली होती. बंद खोलीत यंत्र ठेवायचं, बाहेरच्या काचेतून बघायचं, आणि आकडा जुळला तर शिक्का मारायचा. त्या पद्धतीनं त्यांच्या हातून कधी सदोष माल बाहेर गेला नाही, याचा त्यांना अभिमान होता. कारखान्यात चेंबरच्या बाहेर ओल्या हवेसाठी तडफडणारं कुणी नसायचं, घरी होतं, एवढी एक गोष्ट त्यांच्या ध्यानात येत नव्हती. मी आवाज चढवला. आईनं माझं मनगट धरलं आणि मला खाली बसवलं. अण्णा आत गेल्यावर ती हळूच म्हणाली, "राहू दे." घोट. "रिटायर झाल्यापासून इतके खूश नव्हते."

मला त्या दोघांचाही राग आला. अजूनही येतो. एकजण आशेच्या मागे लागून समोरचं माणूस विसरला होता आणि दुसरीनं आपला त्रास त्याला खेळायला देऊन टाकला होता.

दुसरं मशीन वाफेचं. पाणी उकळून वाफ सोडायचं, त्यामुळे जंतू नाहीत, पूड नाही. पण वीज इतकी खायचं की अण्णा मीटरसमोर उभे राहून मान हलवत परत यायचे. फेब्रुवारीचं ऊन त्यात, खोली भट्टी झाली. आकडा मात्र चांगला आला. आईच्या अटीत बसत नाही म्हणून तेही बाद झालं, पण त्याआधी त्याची पूर्ण चाचणी झाली, कारण अर्धवट चाचणी अण्णांना पटत नाही. आई दिवाणावरच होती.

तिसरं माझं. एचएसआरमध्ये माझ्या बिल्डिंगच्या खाली एक स्टार्टअप आहे, तिथल्या पुण्याच्या दोन मुलींनी मातीचा ह्युमिडिफायर बनवला होता. वीज नाही, प्लॅस्टिक नाही, नुसती सच्छिद्र माती आणि पाणी. "ताई, इट्स टोटली सस्टेनेबल," त्यातली एक म्हणाली, "पाणी झिरपतं, इव्हॅपोरेट होतं, रूम नॅचरली ह्युमिड राहते. आईंना तर खूपच आवडेल." मी तो मांडीवर घेऊन मल्लेश्वरमला गेले. मला खात्री होती. आईच्या सगळ्या अटी त्यात बसत होत्या आणि तो माझ्या हातून जाणार होता.

अण्णांनी त्याला सगळ्या बाजूंनी बघितलं. "हा माठ आहे," ते म्हणाले. "तोटीसुद्धा नाही याला."

तरीही त्यांनी तो चेंबरमध्ये ठेवला, नियम म्हणजे नियम. हायग्रोमीटरचा काटा जरासा हलला आणि तिथेच बसला. एवढ्या मोठ्या खोलीला तेवढ्याशा मातीनं काय होणार. मी चिडून तो उचलून दिवाणाजवळ, आईच्या उशाशी ठेवला. निदान तिच्या नाकाजवळची हवा तरी ओली राहील. आईनं त्याच्या गार अंगावर तळहात ठेवला आणि बराच वेळ तसाच ठेवला. माझं मन राखायला ठेवला असणार.

त्या आठवड्यांमध्ये आईची वाक्यं तुटली. कधी तुटली ते मला नेमकं सांगता येणार नाही, कारण मी शुक्रवार ते रविवारच असायचे. एका शुक्रवारी ती दोन शब्दांत बोलत होती. पुढच्या खेपेला एका. मावशीचा फोन आला की ती नुसती "हं" म्हणायची आणि मावशी बिचारी एकटीच दोघींचं बोलायची. मावशीला दूध तापवायला जायला आता सवड मिळत नव्हती. मी डॉक्टरांना फोन केला. त्या म्हणाल्या, हे अपेक्षितच होतं, कोरड्या हवेचा त्रास वेगळा आणि हे वेगळं. हवा कितीही चांगली असती तरी हे होणार होतं. मला बरं वाटावं म्हणून बोलल्या असतील किंवा खरं म्हणून. मी अण्णांना हे सांगितलं. ते म्हणाले, "त्या डॉक्टर आहेत, हवेतलं त्यांना काय कळतं?"

तिन्ही कोटेशनं बाद झाल्यामुळे नियमाप्रमाणे री-टेंडर निघालं. समिती पुन्हा बसली. अण्णांनी सांगितलं, होसकोटेला एक छोटा कारखाना आहे, तिथे एकजण स्टीलचं मशीन बनवतो. आत सुती कापडाच्या पट्ट्या पाण्यात उभ्या, मागे बारका पंखा. पट्ट्यांनी पाणी वर ओढायचं, पंख्यानं ते हवेत सोडायचं. क्षार पट्ट्यांवरच राहतो, हवेत जात नाही. पट्ट्या लिंबाच्या पाण्यात धुवायच्या, उन्हात वाळवायच्या, परत लावायच्या. साधं पाणी, दिव्याएवढी वीज, फेकायचं काही नाही. बोलून झाल्यावर ते आईकडे बघत राहिले. मीही बघत राहिले. आईनं मान डोलावली. अण्णा तरी बघतच होते, मीटिंग अजून संपली नसल्यासारखे. तिनं परत मान डोलावली आणि ताटं उचलायला उठली.

पण मशीन मागवण्याआधी ते जिथे बनतं तिथे जाऊन बघणं आलं. कारखान्यातला रिवाज. आईलाही न्यायचं ठरलं, तिला जरा हवापालट. मी गाडी चालवत होते. एरवी आई गाडीत बसली की रस्त्यावरच्या पाट्या मोठ्यानं वाचायची, कन्नड अक्षरं लावत लावत, आणि प्रत्येक दुकानाच्या नावावर शेरा मारायची. त्या दिवशी मी वाचल्या. दोन-तीन पाट्या वाचल्या आणि मला माझाच आवाज इतका खोटा वाटला की मी गप्प झाले. अण्णांनी रेडिओ लावला.

होसकोटेच्या औद्योगिक वसाहतीत पत्र्याची एक शेड होती. मालक आणि अण्णा लगेच कामाला लागले, अण्णा प्रत्येक जोड बोटानं चाचपत होते आणि कन्नडमध्ये प्रश्नांची सरबत्ती चालू होती. आई प्लॅस्टिकच्या खुर्चीवर बसली. तिथे कापडाच्या पट्ट्या शिवणारी एक बाई होती, आईच्याच वयाची असेल. तिनं हसून विचारलं, "ऊट आयता, अम्मा?" जेवण झालं का, इथे भेटल्यावर सगळेच विचारतात ते. आईनं तोंड उघडलं. काही आलं नाही. तिनं बाटलीसाठी हात केला, बाटली गाडीत राहिली होती. तिनं बोट वर केलं, थांबा, अशा अर्थी. तोवर त्या बाईनं माझ्याकडे वळून विचारलं होतं, "अवरिगे कन्नडा बरोल्वा?"

यांना कन्नड येत नाही का.

जिनं या शहरातल्या भाजीवाल्यांना, रिक्षावाल्यांना, दूधवाल्यांना, गॅसवाल्यांना त्यांच्याच भाषेत सळो की पळो करून सोडलं, तिच्याबद्दल हा प्रश्न. मी म्हटलं, "बरुत्ते." येतं. जरा जोरातच म्हटलं. बाई ओशाळली आणि तिनं आईला खाऊन बघा म्हणून आपल्या डब्यातला चित्रान्नाचा, म्हणजे फोडणीच्या भाताचा, घास देऊ केला. आईला तो गिळता येणार नव्हता. तिनं हात जोडले आणि मान दुसरीकडे फिरवली. अण्णांना यातलं काही कळलं नाही. ते एका पट्टीचं कापड उजेडात धरून धागे बघत होते. परत येताना ते खूप बोलले. माझ्या आठवणीत एवढं सलग बोलताना मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं. सगळं मशीनबद्दल.

मशीन आलं. बेडरूमच्या खिडकीवरच्या पट्ट्या निघाल्या, दाराखालची चादर धुवायला गेली, आई स्वतःच्या पलंगावर परत आली. आणि मशीन खरंच उत्तम होतं, हे मला मान्य करायला हवं. त्याचा आवाज नव्हता, पूड नव्हती, मीटर जागचं हलत नव्हतं. खोलीत शिरलं की मार्चच्या कडक उन्हातसुद्धा नाकाला बरं वाटायचं. हायग्रोमीटरचा काटा जिथे हवा तिथे जाऊन स्थिर झाला. अण्णा रोज पट्ट्या तपासायचे, आठवड्यातून एकदा लिंबाच्या पाण्यात धुऊन दोरीवर आईच्या पदरासारख्या पसरून वाळत घालायचे. माझी त्वचा मऊ राहायची. अण्णांचा जुना खोकला गेला. खोलीतल्या सगळ्यांना गुण आला, एक आई सोडून.

रोज सकाळी चहा देताना अण्णा तिला विचारायचे, "फरक वाटतो का गं?" रोज ती हो म्हणून मान हलवायची. मी तिथे असले की मला ते बघवत नसे. मी उठून स्वयंपाकघरात जायचे. तिचा चहा आता घट्ट करून चमच्यानं द्यावा लागत होता आणि अण्णा विचारत होते फरक वाटतो का. पण ती इतक्या तत्परतेनं मान हलवायची की मलाही मधूनच वाटायचं, असेल बाई, थोडाफार असेल. आशा हा प्रकार असाच चिवट आणि निर्लज्ज असतो.

एका दुपारी अण्णा लिंबं आणायला आठव्या क्रॉसवरच्या बाजारात गेले होते. मी आईजवळ बसून लॅपटॉपवर काम करत होते. तिनं माझ्या हातावर बोटांनी टकटक केलं. मी पाणी दिलं. तिनं घोट घेतला, तो बराच वेळ तोंडात धरून ठेवला, गिळला, परत घेतला. ती बोलायची तयारी करतेय हे कळायला मला वेळ लागला, इतक्या दिवसांत तिनं ती केली नव्हती. मी लॅपटॉप मिटला. ती पुढे वाकली. मग तिनं सगळं वाक्य एका दमात म्हटलं, खरखरीत, पण स्पष्ट आणि मला धक्का बसेल इतक्या मोठ्यानं.

"त्यांना सांगू नकोस, काही फरक नाही."

आणि मागे उशीवर टेकली. दमली होती. मी तिचा हात धरला. मला काहीतरी बोलायचं होतं, पण मराठीत माझ्याकडे अशा वेळचं वाक्य नाही, ती वाक्यं नेहमी तीच बोलायची. तेवढ्यात बाहेरच्या दाराची कडी वाजली आणि अण्णा जवळजवळ पळतच खोलीत आले. हातात लिंबांची पिशवी. फाटकाशीच त्यांना ऐकू आलं होतं.

"बोलली ना?" ते म्हणाले. "आवाज आला मला. बाहेरपर्यंत आला. बोलली ना ती?"

आई डोळे मिटून पडली होती.

"हो," मी म्हटलं.

"काय म्हणाली?"

"फरक पडतोय म्हणाली."

अण्णा पलंगाच्या कडेला बसले. त्यांनी पिशवी मांडीवर ठेवली आणि त्या पिशवीवर दोन्ही हात ठेवले. त्यांचे डोळे भरून आले होते. मग उठून त्यांनी मशीनमधलं पाणी बघितलं, ते पुरेसं होतं, तरी थोडं घातलं.

त्यानंतर आई बोललेली नाही. आवाज मुळीच येत नाही असं नाही, पण शब्द होत नाही. अण्णा आणि मी एकमेकांशी बोलतो तेव्हा आमच्या नकळत कन्नड नाहीतर इंग्रजी बोलतो आणि ती ऐकत असते. डॉक्टर म्हणतात आता असंच.

गेल्या महिन्यात मावशी बेळगावहून तिला भेटायला आली. बहिणीजवळ बसून रडली, मग डोळे पुसून खोली बघायला लागली. अण्णांनी तिला मशीन उघडून दाखवलं, पट्ट्या काढून दाखवल्या, काटा दाखवला. "सुरुवातीला वाया गेलेला वेळ सोडला," ते म्हणाले, "तर याचा उपयोग झाला. ती स्वतः म्हणाली. शेवटचं जे बोलली ना, ते हेच, फरक पडतोय."

मावशी आईकडे वळली. "हो का गं?"

आईनं आधी माझ्याकडे बघितलं. मग अण्णांकडे बघत हो म्हणून मान हलवली.

"मग आमच्याकडेही एक घ्यायला हवं," मावशी म्हणाली, आणि मी तिला होसकोटेचा पत्ता लिहून दिला.